लखलखता ओटा

सूनबाई कामावरून येऊन चप्पल काढते न काढते तोच सासूबाईंनी गोळ्यांची पट्टी तिच्यासमोर नाचवली. "आता चांगली ठणठणीत दिसतेस, मग हे कशाला? आजपासून बंद!"

सुनेच्या तळपायाची आग मस्तकात गेली. ओटा घासूनघासून तिच्या हातांची सालटं निघायची, तेव्हा याच बाई शेजारणींना बोलावून तो लखलखता ओटा कौतुकाने दाखवायच्या. हा मंत्रचळाचा आजार आहे हे ओळखलं ते डॉक्टरीणबाईंनी. गोळ्यांचा गुण यायलाही कित्येक आठवडे गेले. मध्यंतरी बरं वाटतंय म्हणून तिने आपल्याच मनाने त्या सोडल्या, तर चक्कर काय, जिवाची तगमग काय, आणि घासणी पुन्हा हातात!

"डॉक्टरीणबाईंना विचारल्याशिवाय एकही गोळी चुकणार नाही, आई. बंद कधी करायच्या ते त्या ठरवतील, आणि तेही हळूहळू कमी करत."

सासूबाईंनी ओट्यावरच्या तेलाच्या डागाकडे बोट दाखवलं. "आधी किती गुणाची होतीस गं!"

"आधी मी आजारी होते, आई," सून म्हणाली आणि पट्टी काढून घेऊन घासणी त्यांच्या हातात ठेवली.