परसिडंट साहेबांचं बोट

त्या साली पौषात गावात उंदीर पडायला लागले. पहिला जिनिंगच्या गोदामात सापडला, दुसऱ्या दिवशी सराफ्यात सात, आणि आठवड्याच्या आत लोक सकाळी उठून आधी घराचे कोपरे बघू लागले. प्लेग आला होता.

गाव लहानच, चार हजार वस्तीचं, जऊळका स्टेशनापासून बैलगाडीनं अर्ध्या दिवसाच्या वाटेवर. पण गावाला टाउन कमिटी होती. नऊ सभासद होते आणि त्यांच्यातूनच निवडलेला एक अध्यक्ष. लोक त्याला परसिडंट साहेब म्हणत. ते होते जमशेदभाई, कापडाचे व्यापारी, पंचावन्न वर्षांचे. आवाज कधी चढवायचे नाहीत, पण एकदा हो म्हटलं की ते काम व्हायचंच. शफीक हा कमिटीचा कारकून. मराठी-उर्दू दोन्ही लिहिणारा, अठ्ठावीस वर्षांचा, सरळ माणूस.

उंदीर पडल्यावर कमिटी बसली. सगळ्यांनाच घाई होती, बायकापोरं घेऊन माळावर झोपड्या टाकायच्या होत्या. ठराव एका ओळीचा झाला : प्लेग जाईपर्यंत कमिटीचे सर्व अधिकार एकट्या अध्यक्षांकडे, त्यांची सही तोच कमिटीचा हुकूम. सभा बोलवायची गरज नाही.

म्हातारे पुंजाजी शेतकरी होते, सभेत फारसे बोलत नसत. त्यांनी विचारलं, "अन् हा अधिकार वापस कधी घ्याचा? तारीख टाका ना."

"प्लेग काय तारीख सांगून जाते काय?" दौलतसिंग म्हणाला. गावातला मोठा जमीनदार तो. लोक हसले आणि ठराव झाला. शफीकनंच तो लिहून घेतला.

गाव रिकामं झालं. जमशेदभाई मात्र आपल्या घरातच राहिले. गावात कोणीतरी जागेवर पाहिजे, असं त्यांचं म्हणणं. मूलबाळ नव्हतं. बायको हुस्नाबानो त्यांच्यासोबत थांबली. शफीक रोज दुपारी माळावरून गावात येई. सभासद आपापल्या झोपडीतून चिठ्ठ्या पाठवत, त्यावरून तो हुकूम लिही आणि सहीला नेई.

आठव्या दिवशी जमशेदभाईंच्या दाराला पडदा लागलेला दिसला.

"साहेबांले ताप हाय," पडद्याआडून हुस्नाबानो म्हणाली. "गाठ नाई, साधा ताप. कागद दे अन् ओट्यावर बस."

शफीक ओट्यावर बसला. आतून तिचा आवाज ऐकू आला. तिचे वडील मराठी शाळेत मास्तर होते, तिला वाचता येई. ती हुकूम मोठ्यानं वाचत होती. मग ती थांबली. मग लाकडावर हलकासा आवाज झाला : टक. थोड्या वेळानं पडद्याखालून कागद बाहेर आला. खाली सही होती, थोडी वाकडी, पण त्यांचीच.

असं रोज होऊ लागलं. वाचणं, थांबणं, टक, सही. विहिरीत औषध टाका. आठवडी बाजार बंद. घरात ऊन शिरावं म्हणून अमक्याची कौलं काढा. शफीक हुकूम घेऊन जाई आणि लोक ऐकत. माळावर कोणी कुरकूर केली की दुसरा म्हणे, "परसिडंट साहेब एकटे गावात बसून आपल्यासाठी मरून राह्यले, अन् तुले कौलाची पडली?" त्यांना कोणी पाहिलं नव्हतं, पण त्यांच्यावरचा विश्वास पूर्वीपेक्षा दुप्पट झाला होता.

शफीकच्या एक गोष्ट लक्षात आली होती. पडदा लागल्यापासून बावीस दिवसांत एकही कागद सहीशिवाय परत आला नव्हता. जमशेदभाई तर तीन कागदांतला एक फाडून टाकणारे माणूस.

तेविसाव्या दिवशी दौलतसिंगची चिठ्ठी आली. गावाच्या उत्तरेला रस्त्यालगत बंजाऱ्यांचा तांडा होता, साठ झोपड्यांचा. तांड्यात दोन माणसं मेली, सबब तांडा जाळावा आणि ती जागा पुढे कापसाच्या बाजारासाठी कमिटीनं ठेवावी. शफीकनं जड हातानं हुकूम लिहिला आणि नेला. वाचणं झालं, टक झालं, सही आली.

तांड्याचा नाईक देवला. शफीकनं त्याला हुकूम वाचून दाखवला. त्याची आई धनीबाई पुढे आली. केस पांढरे, पण कण्यात वाक नव्हता.

"दोन मेले ते खरं," ती म्हणाली. "एक म्हातारा दम्यानं गेला. एक पोरगी बाळंतपनात गेली. गाठ कोनालेच नाई आली. तुह्या परसिडंटले मी सांगते. चाल."

"माय, ते कोनाले भेटत नाईत."

"मले भेटतीन. त्याच्या दुकानातून मी चाळीस वर्स कापड घेतलं. चाल म्हनते ना."

दोघं गावात शिरले तेव्हा ऊन डोक्यावर होतं. भर दुपारी सराफ्यात एक दार उघडं नव्हतं. प्लेग झालेल्या घरांच्या भिंतींवर चुन्याच्या फुल्या होत्या. एका घरात कोणीतरी विसरलेलं घड्याळ, किल्ली द्यायला कोणी नसताना, अजून चालू होतं, त्याची टिकटिक रस्त्यापर्यंत येत होती. धनीबाईच्या पायातल्या कड्यांचा आवाज समोरच्या भिंतीवर आपटून परत येई, आणि दर वेळी शफीकला वाटे, मागून आणखी कोणी चालत आहे. त्यानं दोनदा वळून पाहिलं. तिसऱ्यांदा पाहायचा धीर झाला नाही.

जमशेदभाईंच्या ओट्यावर आज त्यानं हाक मारली नाही. आतून आवाज येत होता. टक. टक. टक. हुस्नाबानो काही वाचत नव्हती. कोणीच काही विचारत नव्हतं. तरी टक. टक.

धनीबाईनं पडदा बाजूला केला.

जमशेदभाई खुर्चीत बसले होते. चादरीनं त्यांना खुर्चीच्या पाठीशी बांधलेलं होतं. तोंड एका बाजूला ओघळलेलं, उजवा हात मांडीवर मेल्यासारखा. दाढी विंचरलेली, कुडता धुतलेला, टोपी नीट. सगळ्या देहात एकच गोष्ट हलत होती. डाव्या हाताचं पहिलं बोट खुर्चीच्या हातावर पडत होतं आणि उठत होतं. तिथला लाकडाचा रंग उडाला होता.

हुस्नाबानो चुलीकडून धावत आली. ओरडली नाही. भिंतीला टेकून खाली बसली.

"सातव्या दिशी लकवा मारला," ती म्हणाली. "जीभ जायाच्या आधी एवढंच बोलले, का लोकाइले सांगू नको, नाई त सारे घाबरून गावात वापस येतीन अन् मरतीन. मंग मी वाचून दाखवे. बोट वाजलं का समजे, हो म्हनले. मंग उजवा हात माह्या हातात धरून सही करे."

"पन चाची," शफीक म्हणाला, "आता त कोनी काई इचारलं नाई. तरी वाजून राह्यलं."

तिनं खुर्चीच्या हाताकडे पाहिलं.

"दिवसभर वाजते," ती म्हणाली. "झोपेतही वाजते."

धनीबाई खुर्चीसमोर उकिडवी बसली. "साहेब, मी धनीबाई. आमचा तांडा जाळू नका."

टक.

"जाळू नका म्हनता ना?"

टक.

"का जाळा म्हनता?"

टक.

ती उठली आणि दोन पावलं मागे सरली. "याच्यात मानूस नाई," ती हळूच म्हणाली.

शफीकच्या मनात चार हजार माणसं आली, कौलं काढलेली घरं आली, बंद केलेला बाजार आला. त्यानं पिशवीतून कोरा कागद काढला, मांडीवर ठेवून लिहिला आणि मोठ्यानं वाचला :

"मी आजारी असल्यामुळे कमिटीनं दिलेले सर्व अधिकार आजपासून कमिटीला परत करतो."

बोट थांबलं.

खोलीत एकदम इतकी शांतता झाली की चुलीवरच्या पाण्याची कुजबुज ऐकू आली. बोट खुर्चीच्या हातापासून थोडं वर, अधांतरी तसंच. शफीकनं पुन्हा वाचलं. बोट खाली आलं नाही. मग त्यानं मान वर केली. जमशेदभाईंचा उजवा डोळा कुठे तरी छताकडे होता, पण डावा डोळा सरळ त्याच्यावर होता.

काय करतो हे न कळताच शफीक म्हणाला, "बरं. मंग तांडा जाळाचा?"

टक.

हुस्नाबानोनं ते पाहिलं. तीस वर्षांचा संसार होता तिचा. ती उठली, नवऱ्याच्या खुर्चीजवळ गेली, उजवा हात उचलून हातात घेतला, जणू सही करायची आहे. मग तो अलगद त्यांच्या मांडीवर ठेवला आणि आपले दोन्ही हात पदरात गुंडाळले.

"तांडा जाळाचा कागद दे," ती शफीकला म्हणाली. तो तिनं चुलीत टाकला. "आता मी हात धरनार नाई. जा, सांग साऱ्याइले."

मागे बोट पुन्हा वाजू लागलं होतं, पहिल्यापेक्षा जोरात.

संध्याकाळच्या आत शफीकनं सभासदांना माळावरच्या चिंचेखाली गोळा केलं. एक जण प्लेगनं गेला होता, एक मुलीकडे अनसिंगला पळाला होता. सहा आले. त्यानं सगळं सांगितलं. त्याला वाटलं होतं, लोक हादरतील. ते हादरले नाहीत. मग एकानं विचारलं, "बाई हात धरत नाई त दुसरं कोनी धरू शकते का?"

"तूच धर ना, शफीक," दुसरा म्हणाला. "तुले लिहिता येते."

शफीकनं दोन्ही हात मागे घेतले. "मी नाई धरत. नोकरी गेली तरी नाई."

"चाललंय त चालू द्या," दौलतसिंग म्हणाला. "लोक ऐकून राह्यले. उद्या कळलं का वर कोनी नाई, त एक जन माळावर थांबनार नाई."

पुंजाजी काठी टेकून उठले. "वर कोनी नाई काहून? आपून सहा हावो ना. ज्याले अधिकार वापस पाह्यजे त्यानं हात वर करा. अन् जो करनार नाई त्यानं सकाळी जाऊन त्या खुर्चीजवळ बसा."

पाच हात वर झाले, सावकाश, एकमेकांकडे बघत. दौलतसिंगचा झाला नाही.

सकाळी तो खरंच गेला. खिशात तांडा जाळण्याचा नवा कागद होता, त्यानंच लिहिलेला, ठरावाआधीचा वाटावा म्हणून आदल्या दिवसाची तारीख टाकून. शफीक आणि पुंजाजी बातमी कळताच मागोमाग निघाले. ते वेशीत पोचले तोच हुस्नाबानोची हाक ऐकू आली.

ते धावत घरात शिरले, तर दौलतसिंग खुर्चीसमोर गुडघ्यावर होता. टाक जमिनीवर पडला होता. त्यानं सहीसाठी धरलेला जमशेदभाईंचा उजवा हात, तो मेलेला हात, आता त्याच्या मनगटाभोवती मिटला होता. दौलतसिंग ओढत होता आणि रडत होता. डावं बोट शांतपणे वाजत होतं. हुस्नाबानो एकेक बोट उकलत होती, नवऱ्याशी हळू आवाजात बोलत, जसं तापातल्या लेकराशी बोलतात. चौथं बोट सुटलं तेव्हा दौलतसिंग मागे पडला आणि कागद तिथेच टाकून पळाला. त्याच्या मनगटावर निळे वळ महिनाभर होते. कोणी विचारलं तर तो एवढंच म्हणे, "मी त्याचा हात धरला नोता. त्यानं माहा धरला."

जमशेदभाई त्यानंतर अकरा दिवसांनी गेले. मयतीला बारा माणसं होती. धनीबाई आणि देवला कब्रस्तानाच्या भिंतीबाहेर उभे राहिले. फाल्गुनात उन्हं तापली तसा प्लेग ओसरला, लोक घरी आले, भिंती सारवल्या. पुंजाजी अध्यक्ष झाले.

इद्दतीचे, विधवेनं घरातच राहायचे, चार महिने दहा दिवस संपल्यावर हुस्नाबानो भावाकडे शिरपूरला जायला निघाली. गाडी जुंपली होती. शफीक निरोपाला आला.

"चाची, तुमाले कोनी दोष देत नाई," तो म्हणाला.

"लोकाइले माहीत नाई म्हनून." ती गाडीत सामान लावत होती, त्याच्याकडे न बघता बोलली. "बोट कशालेही हो म्हनते, हे मले पडदा लावल्यावर चौथ्या दिशीच समजलं होतं. तरी वीस दिवस मी हात धरला."

"काहून, चाची?"

तिनं गाठोड्याची गाठ आवळली. "माहं आयुष्यात कोनी आयकलं नोतं, बेटा. अन् तवा अख्खं गाव आयकत होतं."

गाडीवानानं बैलांना हाक दिली. शफीक गाडी वळणाआड जाईपर्यंत उभा राहिला, मग कमिटीच्या कचेरीत गेला. तिथे देवला नाईक नव्या विहिरीचा अर्ज घेऊन बसला होता. पुंजाजींनी अर्ज वाचायला सांगितला, ऐकला आणि म्हणाले, "चांगला हाय. पन मी एकटा कोन? शुक्रवारी सभा बोलाव."