टूरिलच्या अंगावरचा निळा कोट

मी एक जुना निळा लोकरी कोट आहे. जुना म्हणा, मित्रांनो, मला राग नाही. टाकाऊ मात्र म्हणू नका.

माझा जन्म नॉर्वेतल्या बर्गेन बंदरातला. तिथल्या एका शिंप्याने मला सिनेमासाठी शिवले. त्या सिनेमात टूरिल हाऊगेन नावाची तरुण मुलगी दीपगृहाच्या राखणदाराची लेक झाली होती. तिचे ते पहिलेच काम. चित्रीकरणात खाऱ्या पाण्याने माझा रंग पट्ट्यापट्ट्यांनी उडाला आणि मी कुणालाच नकोसा झालो. टूरिलने मला मागून घेतले.

पुढे ती टीव्हीवर आली आणि घराघरांत पोचली. भाजी घ्यायला गेली तरी लोक थांबवून बोलत. मी ऐटीत असायचो. पण वय वाढले तशी कामे रोडावली. आधी नायिकेची आई, मग आजी, मग कुणाचा फोनच येईना. टूरिल रडत बसली नाही. मला अंगावर चढवून ती ब्रिटनला आली.

इथे तिला परक्या बायकांचीच कामे मिळाली. कधी गुप्तहेर, कधी मोलकरीण. एका मालिकेत तर ती पहिल्याच दृश्यात मेलेली होती. ते प्रेतही तिने मन लावून केले.

शेवटी कार्डिफमध्ये एका मालिकेत मोठी भूमिका आली. मालवाहू जहाजाची कॅप्टन, मूळची बर्गेनची. वेशभूषा निवेदिताकडे होती. ती पुण्याहून येऊन कार्डिफमध्ये स्थिरावलेली. नवे कोट बाजूला सारून तिने मलाच निवडले.

समुद्रावरची दृश्ये झाली आणि निर्मात्याने टूरिलला बोलावले. तिचे उच्चार प्रेक्षकांना जड जातील, असे त्याचे म्हणणे पडले. तिचे सगळे संवाद दुसऱ्या नटीच्या आवाजात घ्यायचे ठरले होते.

"चेहरा तुझाच राहील," तो म्हणाला.

माझ्या खिशात तिची मूठ आवळली गेली.

"कॅप्टन बर्गेनची आहे. ती बर्गेनच्या माणसांसारखीच बोलणार. आवाज नको असेल, तर चेहराही मिळणार नाही."

तिच्या एजंटने परोपरीने समजावले. असा हट्ट धरलास तर इथे कुणी काम देणार नाही, असेही सांगितले. टूरिल बधली नाही. भूमिका गेली.

मग निर्मात्याला माझी आठवण झाली. जहाजावरच्या दृश्यांत कॅप्टन पाठमोरी होती, आणि माझे उडालेले पट्टे लांबूनही ओळखू येत. ती दृश्ये वाचवायची, तर नव्या नटीच्या अंगावर मीच हवा. चित्रीकरणाचा पोशाख म्हणून मी तेव्हा अजून निवेदिताच्या खोलीतच टांगलेला होतो. त्याने तिच्याकडे मला मागितले. कोट टूरिलचा आहे, असे म्हणून तिने मला हातावर घेतले आणि सरळ टूरिलच्या घरी आणून दिले.

"तुझं काम जाईल," टूरिल म्हणाली.

"जाऊ दे. मी या देशात आले तेव्हा लोक माझं प्रत्येक वाक्य पुन्हा विचारायचे. मग मी बोलणंच कमी केलं. तू नाही केलंस."

निवेदिताचे काम खरोखरच गेले. ती मालिका मात्र समुद्रावरची दृश्ये पुन्हा चित्रित करून पुरी झाली आणि चांगली चालली. टूरिलने ती पाहिली आणि नव्या नटीचे कौतुकही केले. मग दोघींनी कार्डिफमधल्या एका छोट्या नाट्यगृहात स्वतःचे नाटक उभे केले. रंगमंचावर एकटी टूरिल, तिचा आवाज आणि मी. पहिल्या प्रयोगानंतर एक गृहस्थ भेटायला आले. काही शब्द कळले नाहीत, असे त्यांनी संकोचून सांगितले.

"मग उद्या पुन्हा या," टूरिल म्हणाली.

ते आले. बायकोलाही घेऊन आले.

मित्रांनो, माझे अस्तर फाटले तर शिवा, बटण तुटले तर लावा. कसर लागू देऊ नका. पण मला नव्या रंगात बुडवायला येऊ नका. हे पट्टे माझे आहेत.