कारणाचा रकाना

रुग्णाचे नाव

उर्मिला गुणवंता घागरे, राहणार पांढुर्णा.

वय

एकावन्न. मोफत उपचाराच्या योजनेच्या कार्डावर सत्तेचाळीस. ते चालतं, असं नागपूरच्या दवाखान्यातल्या योजनेच्या काउंटरवरची अश्विनी म्हणाली. वयाकडे कोणी पाहत नाही.

व्यवसाय

संत्र्याच्या वखारीत छाटणी. फळ उचलायचं, एकदा फिरवायचं, टोचा दिसला की मागे टाकायचं. हात थांबला तर मागची बाई ओरडते. टोचा म्हणजे किडीनं पाडलेलं भोक, टाचणीच्या टोकाएवढं असतं.

दुखापतीचे कारण

गाडीवरून पडली.

हे पंकजनं सांगितलं, तिच्या मुलानं. त्याला कोणी शिकवलं नव्हतं. पांढुर्ण्यात पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नदीच्या दोन्ही काठांवरून दगड चालतात. ती गोटमार. ज्याला लागतं तो देवीचं भस्म लावतो, आणि दवाखान्यात जावंच लागलं तर गाडीवरून पडलो म्हणतो. गोटमार म्हटलं की पोलीस येतात, पोलीस आले की खेळ बंद करायची भाषा निघते. पंकजचे वडील दोनदा गाडीवरून पडले होते. त्यांच्याकडे गाडी नव्हती.

उर्मिला खेळात नव्हती. गच्चीवर वाळत घातलेले मूग उचलायला गेली होती. गोफणीतला दगड काठ ओलांडून आला. उजवा डोळा.

नदीकाठच्या सरकारी उपचार-शिबिरातल्या डॉक्टरनं पट्टी बांधली आणि चिठ्ठी दिली: दगड लागून डोळा फुटला, नागपूरला न्यावं. रेल्वेनं नरखेड सोडल्यावर पंकजनं ती चिठ्ठी फाडून खिडकीबाहेर सोडली.

"काय होतं रे थे?" उर्मिलानं विचारलं. तिच्या दोन्ही डोळ्यांवर पट्टी होती. तिला फक्त फाटल्याचा आवाज आला.

"काही नाही माय. तिकीट होतं."

नागपूरच्या डॉक्टरांनी फुटलेला डोळा त्याच रात्री शिवला. आतल्या पडद्याचं ऑपरेशन राहिलं; त्याला योजनेची मंजुरी लागत होती. ते दोन आठवड्यांच्या आत झालं पाहिजे, मग उपयोग नाही, असं त्यांनी पंकजला दोनदा समजावलं. उजेड अजून कळत होता. टॉर्च मारली की ती म्हणायची, "आहे. आता गेला. आता आहे."

दुखापतीचे कारण (योजनेकडून परत)

"गाडीवरून पडल्या म्हणजे अपघात," अश्विनी म्हणाली. "अपघाताला पोलिसांचा कागद लागतो, दादा. तो नाही म्हणून परत आलं."

"पण कार्ड तं सगळ्याईले आहे न? गल्लीत शिबिर लावून वाटले."

"कार्ड सगळ्यांनाच आहे. कागद आणा."

पाचवा दिवस. पंकज पांढुर्ण्याच्या ठाण्यात गेला. तिथले हवालदार हेमराज त्याच्याच गल्लीत वाढलेले.

"कोन्त्या गाडीवरून पडली माय तुही?"

"मोटारसायकलवरून. बाजाराच्या रोडवर."

"गोटमारीच्या दिवशी?" हेमराजनं चहा खाली ठेवला. "त्या रोडवर मी स्वतः बॅरिकेड लावलं होतं बे. दिवसभर सायकल गेली नाही तिथून. तुही मोटारसायकल काय उडून राहिली होती?"

पंकज मग खरं बोलला.

"मंग कोनं मारला? नाव सांग."

"नाव काय सांगू, भाऊ? तिकडं हजार मानसं होते."

"अज्ञात लिहितो. मंग वरून विचारतीन, गोफणीले बंदी असताना आली कुठून, बंदोबस्तावर कोन होतं." हेमराजनं स्वतःच्या छातीवर बोट टेकवलं. "मी होतो. सांग, लिहू?"

पंकजनं लिहा म्हटलं. हेमराज म्हणाले, "उद्या ये." दुसऱ्या दिवशी ते गणपतीच्या बंदोबस्तावर होते. त्याच्या दुसऱ्या दिवशीही.

दुखापतीचे कारण (दुरुस्ती)

नववा दिवस. अश्विनीनं ऐकून घेतलं. तिनं डोळे मिटले आणि उघडले.

"पहिल्या दिवशीच सांगायचं न, दादा. आता डॉक्टरांच्या पहिल्या नोंदीत गाडी आहे. ती खोडून दगड केला तर संशय घेतात. आणि दगड म्हटला तरी मारहाण धरतात, त्यालाही पोलिसांचा कागद. त्या शिबिरातली चिठ्ठी असती तर काही करता आलं असतं."

पंकजनं काउंटरवरचं कार्ड उचलून पिशवीत ठेवलं.

"मिळाली नव्हती का चिठ्ठी?"

"मिळाली होती," तो म्हणाला.

शिबिराचं रजिस्टर शोधायला तो परत पांढुर्ण्याला आला. ते सौंसरच्या एका बाबूकडे होतं. सौंसरला गेला, तर बाबू सुट्टीवर, कपाटाची किल्ली त्याच्या खिशात.

बाकावरची बाई

दहाव्या दिवशी उर्मिलाच्या शेजारी एक बाई बसली होती, तिलाही पडद्याचंच करायचं होतं. तिच्या जावयानं रोख भरले. दुपारी तिला आत नेलं, संध्याकाळी ती खिचडी खात होती.

"तुमाले कशानं झालं, बाई?" उर्मिलानं विचारलं.

"कोण जाणे," ती म्हणाली. "कोणी विचारलंच नाही."

उजेड

अकरा: आहे.

बारा: आहे वाटते.

तेरा: "मार बरं टॉर्च." मारली आहे, माय.

दुखापतीचे कारण

सतराव्या दिवशी डॉक्टरांनी पंकजला आत बोलावलं. आता पडद्याचं ऑपरेशन करून फायदा नाही. डोळा आकसत चालला आहे, दुखणं थांबणार नाही, आणि तो तसाच ठेवला तर दुसऱ्या डोळ्यालाही धोका आहे. काढावा लागेल.

अश्विनीनं नवा अर्ज उघडला. पंकज उठून उभा राहिला. त्याच्या पिशवीत सौंसरच्या बाबूनं शेवटी दिलेली रजिस्टरची नक्कल होती, त्यावर गोल शिक्का. ती त्यानं काउंटरवर ठेवली आणि हातानं सरळ केली.

"याच्यात लिहिलं आहे, मॅडम. दगड लागून. खरं आहे थे."

अश्विनीनं कागद पाहिला आणि परत त्याच्याकडे सरकवला. तिनं टाइप केलं: निकामी डोळा, वेदना.

मंजुरी यायला अकरा मिनिटं लागली. उर्मिलाचा हात धरून पंकजनं तिचं बोट सहीच्या जागेवर नेलं. तिला सही येत होती, पण उजवीकडची ओळ दिसत नव्हती. नावाचा शेवट कागदाबाहेर, काउंटरच्या काचेवर गेला.

"झालं बी?" ती म्हणाली.

"झालं, काकू. उद्या सकाळी घेतील."

"यावेळेस काहून नाही विचारत वो, कशानं झालं थे?"

अश्विनी पुढच्या माणसाचं कार्ड हातात घेत होती.

"आता नाही लागत, काकू."