तुमची मर्जी
अम्मी ज्या खोलीत नाही त्या खोलीत अब्बांना बसवत नाही. ती स्वयंपाकघरात गेली की यांना तहान लागते. ती कपडे वाळत घालायला गच्चीवर गेली की यांना हवा खायची असते. बाजारात गेले तरी उरण नाक्यावरून फोन येतो, "सुगरा, टमाटे किती आणू?" रोजचे अर्धा किलो टमाटे, त्यात विचारायचं काय? पण तिचा आवाज ऐकला की गडी खूश. अम्मी मात्र फोन माझ्या हातात कोंबते. "सिदरा, तूच सांग."

अब्बांची आई ते लहान असतानाच गेली. ते या मावशीकडून त्या मावशीकडे असे वाढले, म्हणून आजही कुणी जरा गप्प बसलं की विचारतात, "रागावलीस का?" अम्मी तर जन्माचीच गप्प. अब्बांनी उमेदीची सगळी वर्षं सौदीत, दम्मामच्या गोदामात घालवली, पण एवढ्या वर्षांत फोनवर तिने एकदाही "कधी येणार?" असं विचारल्याचं मला आठवत नाही. यांचं लग्न ज्याने जुळवलं त्याला मी एकदा गाठणार आहे.

अब्बा कायमचे घरी आले त्याला जेमतेम दोन महिने झाले, तोच जुन्या कंपनीचा फोन आला. आणखी दोन वर्षांसाठी या, म्हणाले. अब्बांनी जेवताना अम्मीला विचारलं, "काय करू? जाऊ?"

"तुमची मर्जी," अम्मी म्हणाली आणि भात वाढला.

अब्बांनी तिच्याकडे बराच वेळ पाहिलं. मग कंपनीला हो कळवून टाकलं. रात्री मला म्हणाले, "तुझ्या अम्मीला मी घरात अडचण झालोय गं." त्यांना जायचं नव्हतं. तिने एकदा नको म्हणावं म्हणून माणूस घुटमळत होता, आणि बाई भात वाढत होती. मला दोघांचाही भयंकर राग आला.

दुसऱ्या दिवशी अम्मीने माळ्यावरची मोठी बॅग काढून उन्हात ठेवली आणि मला म्हणाली, "स्कूटर काढ, करंजाला जाऊ." म्हणजे बंदरावरचे सुके बोंबील. अब्बा निघायचे झाले की ती स्वतः करंजाला जाऊन बोंबील आणि जवळा आणते, मसाला कुटते, बॅग शिगोशीग भरते. अब्बा बॅगेकडे बघून म्हणाले, "बघ, माझ्याआधी माझी बॅग तयार." ती ऐकून न ऐकल्यासारखी गाडीवर बसली.

बंदरात काठ्यांवर बोंबील वाळत होते. अम्मीची नेहमीची कोळीण चंद्रावती तिला बघताच म्हणाली, "भाऊ चालले का परत? आताच तं आलेले."

अम्मीने बोंबील हातात घेतले. दाबून बघितले, परत ठेवले, परत उचलले. मला राहवलं नाही.

"अम्मी, तू त्यांना घालवतेयस असं वाटतंय त्यांना."

"मी? मी तं त्यांच्या जेवणाची सोय करते हाय."

"मग नका जाऊ म्हण ना एकदा."

ती बोंबलांकडे बघतच बोलली. "मी एवढीशी होती. माझे बाबा बोटीवर निघाले, तवा मी त्यांच्या पायाला मिठी मारली. जाऊ नका म्हटलं. सगळे हसले. आईनी माझं एकेक बोट सोडवलं, आन् ते गेलेच. तवापासून मी कुणाला थांब म्हटलं नाय."

मला रडू आलं. चंद्रावतीने बोंबील कागदात गुंडाळायला घेतले, तेव्हा अम्मी म्हणाली, "ऱ्हाऊ दे." आणि चालत धक्क्यावर गेली, जिथे नुकत्याच लागलेल्या होडीची ताजी मासळी उतरत होती. परत आली ती एक अख्खा रावस घेऊन. तो मांडीवर धरून ती गाडीवर बसली. कंटेनरच्या ट्रकांच्या रांगांमधून गाडी काढत मी घर गाठलं.

अब्बा गल्लीच्या तोंडाशी उभे होते, नेहमीसारखे. रावस बघून गोंधळले. "बोंबील कुठं हायेत? हा कसा नेऊ?"

"नेऊ नका," अम्मी म्हणाली. "जाऊ नका तुमी."

"म्हणजे?"

"म्हणजे घरी ऱ्हावा. मला तुमी घरी पायजे."

अब्बा तिथेच, गल्लीत, डोळे पुसायला लागले. कंपनीला नकार कळवला आणि बॅग त्यांनीच माळ्यावर टाकली. जेवताना त्यांनी पुन्हा विचारलं, "खरंच नको जाऊ?" अम्मी म्हणाली, "नका जाऊ." हात धुताना परत विचारलं. तिने परत सांगितलं, आणि मला वाटलं होतं तशी ती चिडली नाही.

सकाळी अब्बा बाजारात गेले आणि फोन वाजला. मी सवयीने हात पुढे केला, पण अम्मी फोन घेऊन स्टुलावर बसली.

"अर्धा किलो," ती म्हणाली. मग विचारलं, "कधी येणार?"

थोड्या वेळाने अब्बा धापा टाकत घरी आले, आणि टमाटे आणायचे विसरले होते.