तांडेलाच्या हातातली सुई

मी शिडं शिवायची सुई बोलतेय. घरातल्या नाजूक सुयांशी माझं नातं लावू नका. मी वीतभर लांब, जाड आणि स्वभावानंही जरा तिखटच आहे. मुंबईच्या एका लोहारानं मला घडवलं आणि १९२४ साली हमदुल्ला तांडेलानं मला दिवेआगरला आणलं. तो स्वतः सुकाण धरी आणि त्याच्या मचव्यातून नारळ-सुपारी मुंबईला जाई. फाटलेल्या शिडाला ठिगळ लावायचं, एवढंच तेव्हा माझं काम होतं.

एकदा भर समुद्रात, सुकाण हाती असताना हमदुल्लाला आकडी आली. खलाशांनी मचवा कसाबसा किनाऱ्याला लावला. अलिबागचे डॉक्टर म्हणाले, "हे फेफरं. औषधानं कमी होईल, पण जन्मभर सोबत राहील. सुकाण आता दुसऱ्याच्या हाती द्या."

चाळिशीही न गाठलेला माणूस! मचवा भावाकडे गेला. कुणी जिनाची बाधा म्हणालं, कुणी त्याच्या घरचा चहा टाळू लागलं. माणसं वादळाला भितात हे मला समजतं, पण आजारी शेजाऱ्याला का भितात, हे मला अजून कळलेलं नाही.

काही महिने तो ओटीवर नुसता बसून होता. मग एका सकाळी त्यानं माझा डबा उघडला.

"दर्यावर जाता येत न्हाय, तर दर्यावर जानारी शिडां शिवीन."

त्याची बायको खतिजा घाबरली. "सुई हातान असताना आकडी आयली तर?"

"मग तू बस बाजूला."

ती खरंच रोज तांदूळ निवडत बाजूला बसू लागली.

पहिलं नवं शीड त्याचा मित्र बुधाजी कोळ्यानं शिवायला दिलं. हमदुल्लानं जीव ओतून शिवलं, पण पाणी लागताच कापड आकसलं, शिवणी चुणल्या आणि शीड वारा धरीना. बंदरावर बोलणं सुरू झालं, "फेफरं येनाऱ्याचा हात, दुसरं काय व्हनार!"

माझा असा संताप झाला! अहो, यानं आयुष्यभर जुनी शिडं सांधलेली. ती आधीच समुद्राचं पाणी पिऊन आकसलेली असायची. कोरं कापड आधी भिजवून वाळवावं लागतं, हे त्याच्या ध्यानातच आलं नाही. पण सुईचं कोण ऐकतो?

हमदुल्लानंच सर्वांसमोर सांगितलं, "चूक माझी हाय, आजाराची न्हाय." त्यानं शीड परत आणलं, सगळ्या शिवणी उसवल्या, कापड भिजवलं, वाळवलं, कमी पडलं तिथं पट्टी जोडली आणि पुन्हा शिवलं. बोटांतून रक्त आलं तरी मला खाली ठेवलं नाही.

"ह्या शीड चढवशील तवा मी संगती येनार," तो बुधाजीला म्हणाला. "डॉक्टरनी सुकान नको म्हटलाय, बसू नको म्हटला न्हाय."

होडीत बुधाजीनं हमदुल्लाच्या कमरेला दोर बांधून दुसरं टोक डोलकाठीला बांधलं. मीही डब्यातून सोबत होतेच. खाडीबाहेर पडलो, शीड चढलं आणि नेमकी तेव्हाच आकडी आली. बुधाजीनं एका हातानं सुकाण सांभाळलं, दुसऱ्यानं त्याला कुशीवर वळवून धरलं.

बऱ्याच वेळानं हमदुल्लानं डोळे उघडले. पहिला शब्द निघाला, "शीड?"

"वारा धरलान, हमदूभाय. एक सुरकुती न्हाय."

तो रडला. मीही रडले असते, पण लोखंडाला गंज परवडत नाही.

आज १९३६ साल आहे. श्रीवर्धनपासून रेवसपर्यंतची शिडं त्याच्याकडे येतात. आकडी अजून येते, औषधही चालू आहे. माझं टोक मात्र झिजलंय. लवकरच तो नवी सुई आणील. नव्या सुईबाई, तुला एवढंच सांगते. हा माणूस मध्येच थांबला, तर घाबरू नकोस. टाका अर्धा असेल, तिथंच थांब. तो उठेल आणि पुढचा टाका घालील.