तिसऱ्या ओळीतला सूर

फिलेमोन मास्तरांनी आजवर गावच्या बँडमधून शंभर पोरं हाकलली असतील, पण हाकलल्यावर खरोखर निघून गेलेला एल्पिदियो पहिलाच. "गावाच्या धूनमधला तो सूर बरोबर लागेपर्यंत मला तोंड दाखवू नकोस," एवढंच ते म्हणाले होते. पोरगं ट्युबा, आपल्याहून मोठं ते पितळी वाद्य, गळ्यात अडकवून डोंगरात गेलं. त्याची बाजू घेऊन क्लॅरिनेटवाली निकांद्रा आणि ढोलवाला उबाल्दोही गेले. दुपारी धुकं उतरलं आणि तिघांचा पत्ताच नाहीसा झाला.

दुसऱ्या सकाळी अख्खं गाव कड्यावर जमलं होतं. हाका मारून घसे बसले. दरी प्रत्येक हाक चारी दिशांनी परत करायची, त्या गोंधळात पोरांची ओ ऐकूच येईना आणि दोर सोडायचा कुठे तेच कळेना. बाया मक्याच्या पानात उकडलेले गरम, तिखट तामाले वाटत होत्या आणि मास्तरांना त्यासोबत टोमणेही मिळत होते.

"खा हो मास्तर. की तिखटाचा सूरही चुकलाय?"

एल्पिदियोची आई तोमासा मात्र दरीवरची नजर हलवत नव्हती, आणि मास्तरांना तेच सोसत नव्हतं. शेवटी तीच म्हणाली, "हाका कसल्या मारता? वाजवा की! तेवढंच तर येतं तुम्हाला."

मास्तरांनी ट्रंपेट ओठांना लावलं. गावाची धून. पहिली ओळ, दुसरी ओळ. तिसरी ट्युबाची, तिथे ते थांबले. सगळ्यांनी दरीकडे कान लावले.

डाव्या हाताला, खोल खालून, भों भों करत तिसरी ओळ आली. मधोमध तोच सूर, साफ चुकलेला. मागोमाग क्लॅरिनेट आणि सवयीप्रमाणे सर्वांत उशिरा ढोल.

"माझाच तो!" तोमासा किंचाळली. "असं चुकणारा दुसरा आहे कोण?"

माणसं दोर घेऊन डावीकडे धावली. खाली ट्युबा पुन्हा वाजला, पुन्हा चुकला आणि अडखळून थांबला. परत तोच सूर, परत चूक. पोरगं तिथे बसूनही दुरुस्तीच करतंय, हे मास्तरांच्या ध्यानात आलं आणि त्यांना रडू फुटलं.

डोळे पुसून त्यांनी तिसरी ओळ स्वतः वाजवली. त्याच जागी, त्याच चुकीसह.

खालचा ट्युबा मधेच थांबला. मग एल्पिदियोचा आवाज आला, "मास्तर, चुकलात!"

"चुकलो रे बाबा," मास्तर ओरडले, "ये आता वर!"