फुकटचा पासवर्ड

त्या गल्लीत चोर कोणीच नव्हतं. विचारा कोणालाही! दोरीवरून खाली पडलेला दुसऱ्याचा रुमालसुद्धा लोक घरी नेऊन देत. फक्त मोबाईलवर सिरियल बघायला पैसे भरायचे म्हटलं की सगळ्यांच्या कपाळाला आठ्या पडत. मग मंडळी कोपऱ्यावरच्या फोटोवाल्याकडे जात आणि चालणारा पासवर्ड मागून आणत. तो कुणाचा, कुणाकडून चोरलेला, हे विचारायची पद्धतच नव्हती.

मंगळवारी सकाळी शेजारच्या शिंपीणकाकू शिवण अर्धवट टाकून दुकानात आल्या.

"अरे, कालपासून माझी सिरियल बंद! त्या बयेने पासवर्ड बदलला वाटतं."

"कोण बया, काकू?"

"जिचं खातं आहे ती! मला काय माहीत कोण?"

दोघंही खळखळून हसले.

"बघतो दुसरा," फोटोवाला म्हणाला. "आणि तुमचं काम झालंय बरं का. तुमच्या व्हिडिओ कॅसेटला बुरशी लागली होती, शेवटी मशीनमध्ये तुटलीच. पण तोवर सगळं कॉम्प्युटरवर उतरलं होतं."

बावीस वर्षांपूर्वीची कॅसेट ती. काकूंची लेक पाच वर्षांची झाली, त्या दिवशी नवा फ्रॉक घालून गाणं म्हणाली होती. सहावा वाढदिवस तिच्या नशिबात नव्हता. कॅसेट लावायचं मशीन मोडीत गेल्यापासून काकूंनी लेकीचा आवाज ऐकला नव्हता.

"परवा पेनड्राइव्ह घेऊन येते," त्या म्हणाल्या. गिऱ्हाइकाने पेनड्राइव्ह आणेपर्यंत काम त्या एकाच कॉम्प्युटरवर ठेवायचं, ही फोटोवाल्याची जुनी सवय.

दुपारी त्याने एक नवं टूल उतरवून घेतलं. चोरीच्या पासवर्डांची यादी त्यात टाकायची, ते एकेक लावून बघतं आणि चालेल तो दाखवतं. सुरू करण्याआधी अँटिव्हायरस बंद करा, अशी सूचना होती. त्याने तो बंद केला. मागे बायको फोटो कापत बसली होती.

"अहो, चोराला घरात घ्यायचं आणि वर आपणच कुत्रं बांधून ठेवायचं?"

"सगळेच करतात गं!"

सगळेच करतात! एवढं म्हटलं की आपण सुटलो. वा रे वा!

टूलने पासवर्ड शोधून दिला. काकूंची सिरियल सुरू झाली. पण चहाच्या वेळेपर्यंत कॉम्प्युटरवरची एकही फाईल उघडेना. सगळ्यांची नावं बदललेली, आणि समोर खंडणीची चिठ्ठी: पैसे भरा, मगच फायली उघडतील. टूल बनवणाऱ्याला पासवर्ड वाटायची हौस थोडीच होती? अशा फुकट्यांच्या घरात शिरायचं, हाच त्याचा धंदा.

कॉम्प्युटर दुरुस्त करणारा मित्र धावत आला. बराच वेळ खटपट करून त्याने हात टेकले.

"खंडणी भरलीस तरी भरवसा नाही. दुसरीकडे कॉपी आहे?"

"नाही रे."

"मग पोलिसांत तक्रार दे."

"काय सांगू तिथे? मी चोरी करत होतो आणि माझ्याकडे चोरी झाली?"

मित्राने आपली बॅग उचलली.

गुरुवारी काकू इस्त्रीची साडी नेसून आल्या. फोटोवाल्याने मशीन बिघडल्याची थाप तयार ठेवली होती, पण त्यांना बघून ती काही तोंडातून निघेना. त्याने सगळं खरं सांगून टाकलं.

"म्हणजे माझ्या सिरियलपायी?" काकू स्टुलावर बसल्या. "आणि तुटलेली कॅसेट?"

"टाकून दिली, काकू. कचऱ्याची गाडी सोमवारीच गेली."

बायकोने पाण्याचा ग्लास पुढे केला. काकूंनी तो घेतला नाही. मग त्यांनी त्याचं मनगट घट्ट धरलं.

"बरं, राहू दे. तू तर ऐकलंस ना? कसं म्हणत होती रे? 'र' म्हणता येत नव्हता तिला. म्हणून दाखव मला थोडंसं. जसं येईल तसं."

फोटोवाल्याला रडू फुटलं.

"काकू, कॅसेट उतरत होती तेव्हा दुकानात गर्दी होती. मी आवाज बंद ठेवला होता."

काकूंनी मनगट सोडलं. त्या कोणावर ओरडल्या नाहीत, कोणाला शिव्याशाप दिले नाहीत. "मागितला तर मीच होता," एवढंच पुटपुटल्या. त्यांना काय म्हणून समजवायचं हे फोटोवाल्याला सुचलं नाही, त्याच्या बायकोला सुचलं नाही. वाचकहो, खरं सांगते, मलाही सुचलेलं नाही. तुमच्या मोबाईलवर आत्ता जो पासवर्ड चालतोय तो कुणाचा, हे माहीत नसेल, तर तुम्ही तरी जाऊन सांगा त्यांना काहीतरी.